वॉर्डात नऊ जण पडले

"सही करा, मावशी. म्हणजे विषय संपला," हॉस्पिटलच्या साहेबांनी मेमो तिच्यापुढे सरकवला.

वृद्धांच्या वॉर्डात रुग्ण पडतात ते ओल्या फरशीमुळे, आणि त्याला सफाई कामगार जबाबदार, असं त्यात लिहिलं होतं. एकवीस वर्षं त्याच वॉर्डाची फरशी पुसणाऱ्या मावशीने तो दोनदा वाचला. मग पिशवीतून जुनं कॅलेंडर काढून मेमोवरच पसरलं.

"हे काय आता?"

"सहा महिन्यांत नऊ जण पडले. कोण, कुठं, किती वाजता, सगळं टिपून ठेवलंय."

"तुम्हाला कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही. पहिल्या आजी पडल्या तेव्हा सगळ्यांनी माझ्या बादलीकडे बघितलं. तेव्हाच म्हटलं, लिहून ठेवावं."

दाराशी उभी असलेली सिस्टर पुढे होऊन वाचू लागली. मावशी सातला फरशी पुसायची. आठपर्यंत ती खडखडीत वाळायची. नऊपैकी सात जण साडेनऊ ते साडेदहाच्या दरम्यान, बाथरूमच्या वाटेवर पडले होते. त्यातले दोघे पडले त्या दिवशी तर मावशी रजेवर होती; ते तिने मागाहून विचारून लिहिलं होतं.

"नऊला तुम्ही गोळ्या देता ना?" मावशी सिस्टरला म्हणाली. "हे सातही जण लघवीची गोळी घेणारे. घाई होते बिचाऱ्यांना. हाक मारायची लाज वाटते, मग निघतात एकटेच."

सिस्टरने कॅलेंडर जवळ ओढलं. साहेब मात्र हसले. "अहो, आमच्या कॉम्प्युटरमध्ये हजारो नोंदी आहेत. नऊ पडण्यांवरून काय कळतं?"

"मग किती पडू द्यायचे, साहेब? आकडा सांगा, तोवर थांबते."

साहेबांचं हसू मावळलं. "उद्धटपणा नको. सही करताय की वर कळवू?"

"कळवा. सोबत हे कॅलेंडरही पाठवा."

मेमो सहीविनाच वर गेला. त्याचं पुढे काय झालं ते कुणालाच कळलं नाही. पण दुसऱ्याच दिवशी सिस्टरने, साहेबांना न विचारता, तेव्हा वॉर्डात ती गोळी घेणारे जे पाच जण होते त्यांच्या खाटा बाथरूमजवळ आणल्या. नऊ ते अकरा कुणीतरी तिथं थांबायचं ठरलं. बहुतेक वेळा मावशीच थांबायची.

पाचांतले एक निवृत्त मास्तर तिचा हात झटकायचे. "मी काय बाळ आहे का?"

"बाळ असता तर कडेवर घेतलं असतं," असं म्हणून मावशी पुन्हा त्यांचा दंड धरायची.

दोन महिने कुणी पडलं नाही. मग एका दुपारी मास्तरच घसरले. मावशीने तिथं सांडलेलं औषध पुसलं होतं आणि घाईत कोरडा फडका फिरवायचा राहून गेला होता. मनगट मुरगळण्यावर निभावलं. कुणी पाहिलं नव्हतं. मास्तरही सिस्टरला म्हणाले, "माझाच तोल गेला."

मावशी ओल्या हातांनी तशीच साहेबांच्या खोलीत गेली.

"आज मास्तर पडले. माझ्या ओल्या फरशीवर. लिहून घ्या."

साहेब गोंधळले. "ते तर म्हणतात, तोल गेला."

"फरशी मी पुसली होती. मला माहीत आहे ना."

"बरं, बसा तरी."

"आधी लिहा," ती म्हणाली, आणि साहेबांनी पेनाचं टोपण काढेपर्यंत टेबलासमोर उभी राहिली.