ऊबदार भिंत

मिस्त्रींनी टाइलच्या सांध्यावर छिन्नी टेकवली, तशी लेक मध्ये येऊन उभी राहिली.

"बाबा, धडधाकट भिंत का फोडताय?"

ही शेकोटी मिस्त्रींनीच सहा वर्षांपूर्वी लेकीच्या घरात बांधली होती. चाळीस वर्षांच्या कामात त्यांनी इतका जीव कशातच ओतला नव्हता. जावई तर येईल त्या पाहुण्याला आधी शेकोटीपुढे नेऊन उभं करत. भिंतीच्या पलीकडे नातीचा पलंग होता. शेकोटी पेटली की ती भिंतीला पाठ लावून बसे आणि आजोबांची भिंत कशी ऊबदार म्हणून घरभर कौतुक होई. मिस्त्रीही ते मिशीतल्या मिशीत हसून पदरात पाडून घेत.

काल नातीशेजारी त्यांनी स्वतः पाठ टेकली आणि ते ताडकन उठले. ती भिंत ऊबदार असायलाच नको होती.

शेकोटीभोवती टाइलखाली लावलेला सिमेंट बोर्ड जळत नाही, एवढ्यावरच ते विसंबले होते. जळत नाही, पण उष्णता मागे पोचवतो. आणि मागे त्यांनीच ठोकलेल्या लाकडी पट्ट्या होत्या, बोटभरही फट न सोडता.

सहा वर्षांत काही झालं नाही, हिवाळा सरल्यावर बघू, असं जावयांचं म्हणणं. लेकीने बाबांच्या दुखऱ्या गुडघ्यांचा विषय काढला. मिस्त्रींनी दोघांचं ऐकून घेतलं.

"चूक माझी आहे, ती माझ्याच हाताने निघेल. तू हो बाजूला."

दुपारी बोर्ड उतरला. मधल्या दोन पट्ट्या काळ्याठिक्कर पडल्या होत्या. बोट लावताच त्यांचा भुगा झाला. जावई मुलीच्या खोलीकडे बघत राहिले, मग राडारोडा भरू लागले. मिस्त्रींना मेल्याहून मेल्यासारखं झालं, पण त्यांचे हात थांबले नाहीत.

चार दिवस खपून त्यांनी लाकडाच्या जागी लोखंडी पट्ट्या घातल्या, हवा खेळायला जागा ठेवली आणि नवा बोर्ड बसवला. निम्म्या टाइल्स फुटल्या होत्या, तशा आता मिळत नव्हत्या. शेकोटीला पहिली शोभा काही आली नाही.

पाचव्या दिवशी ती पेटवून तासाभराने ते नातीच्या खोलीत गेले. ती पलंगावर गाल फुगवून बसली होती.

"आजोबा, तुम्ही भिंत बिघडवलीत. गार पडलीये."

मिस्त्रींनी भिंतीवर तळहात ठेवला आणि बराच वेळ तसाच राहू दिला.

"बिघडवली खरी," ते म्हणाले आणि तिच्याकडे पाठ करून पलंगावर बसले. "आता इथे टेक."