शोकेसमधली आई

मी एक फोटो बोलतोय. नीट सांगता येईल की नाही, शंकाच आहे. दुसऱ्याचा चेहरा घेऊन जन्मलेल्याने स्वतःचं म्हणून काय सांगावं?

२००३ साली रत्नागिरीत रावजींच्या स्टुडिओत माझा जन्म झाला. कुवेतला नोकरी करणाऱ्या फारुकला बाळाचा फोटो हवा, म्हणून त्याची बायको कनीज लांज्याहून एसटीने आली होती. वाटेत तिला गाडी लागली. चेहरा उतरलेला, डोळ्यांत पाणी, कडेवर छोटा तहा. रावजी हरखले.

“बाई, अश्शाच थांबा!”

नंतर तिने तोंड धुऊन हसरा फोटो काढून नेला. मला रावजींनी मोठं करून शोकेसमध्ये लावलं. खाली लिहिलं, ‘आई’. येणारेजाणारे गहिवरायचे. उलटीच्या गोळीने भागलं असतं, हे कोणाच्या लक्षात आलं नाही.

पुढे एका दयाळू संस्थेने मला स्मरणिकेसाठी नेलं आणि ई-मेलवर चढवलं. ‘या मातेचा पती समुद्रात बुडाला. बाळ आजारी. दहा जणांना पाठवा.’ सुशिक्षितांनी भराभर पाठवलं. पुण्य इतकं सोपं पूर्वी नव्हतं.

मी कुवेतलाही पोचलो. फारुकचा फोन आला, “मी कधी मेलो गो?”

“तुमीच सांगा. मला तर आताच कळतंय.”

हसणं तेवढंच. सासूने ठरवलं, हिने फोटो विकला. “आता रत्नागिरीत पाय टाकायचा नाय!” कनीजचा तिथला बालवाडी शिक्षिकेचा कोर्स बंद. मातृत्वाचा गौरव झाला तो असा.

तहाला डोस पाजायच्या निमित्ताने ती निघाली, ती महिला समुपदेशन केंद्रात गेली. तिथल्या लीलाताई तिला घेऊन थेट स्टुडिओत.

“अहो, हा आईचा सन्मान आहे,” रावजी म्हणाले.

“मग तुमच्या मिसेसचा लावा.”

“छे! तिला नाही आवडायचं.”

“हिला विचारलंत?”

रावजी चष्मा पुसू लागले. मी निगेटिव्हसकट केंद्राच्या फायलीत आलो. संस्थेने ‘गैरसमज झाला असल्यास’ दिलगिरी कळवली. लीलाताईंनी ते पत्र परत पाठवून नीट माफी लिहून घेतली, सासूला वाचून दाखवली. कोर्स पुन्हा सुरू झाला. ई-मेल मात्र अजून फिरतोय. फारुक त्यात दर महिन्याला बुडतो.

परवा लीलाताईंनी कनीजला विचारलं, “इथे येणाऱ्या बायकांना धीर येईल. हा फोटो दाखवू का त्यांना?”

मी ताठ झालो. एवढं उदात्त काम! नाही कोण म्हणेल?

“नको,” कनीज म्हणाली.

“बरं,” म्हणत लीलाताईंनी फाईल बांधली.

तेव्हापासून मी अंधारात पालथा आहे. मला वाटतं, बरा आहे. वाचकहो, मला बघायची इच्छा झालीच, तर आधी तिला विचारा. आणि ती नको म्हणाली, तर मुकाट घरी जा.