बंद पानांची यादी

२००६ साली आमच्या शिरोलीच्या फौंड्रीत इंटरनेट आलं आणि त्याच्या मागोमाग कृष्णातची अक्कल. कृष्णात म्हणजे आमचा कॉम्प्युटरवाला. आठवड्यात सगळ्यांत जास्त वेळा उघडलेल्या दहा वेबसाइट तो दर शनिवारी बंद करायचा. जास्त बघतात म्हणजे टाइमपासच, हा त्याचा तर्क. या न्यायानं रेल्वेचं वेळापत्रक गेलं, लोखंडाचे दर गेले. वर साहेबांच्या हुकमानं यादी कँटीनच्या फळ्यावर लागायची, कॉम्प्युटरच्या नंबरासकट. आम्ही पोट धरून हसायचो.

त्या शनिवारी मला हसू आलं नाही. दुपारी माझं पान उघडेना. पडद्यावर लाल पट्टी, बंद. ते पान छातीतल्या गाठीचं होतं. महिन्यापूर्वी अंघोळ करताना माझ्या हाताला गाठ लागली होती. घरी सांगितलं नव्हतं, सायबर कॅफेत लोक मागून डोकावतात, आणि डॉक्टरकडे जायचा धीर नव्हता. म्हणून डबा तसाच ठेवून मी ते इंग्रजी पान ओळ लावत लावत वाचायचे. आता चार वाजता अख्खं ऑफिस त्या फळ्यासमोर चहा पिणार होतं, आणि तीन नंबरवर रूपाली, म्हणजे मी, बसते हे गेटवरच्या वॉचमनलाही ठाऊक होतं.

मी खुर्ची मागं सारली. तशीच कृष्णातपुढं जाऊन उभी राहिले.

“ती ओळ काढा की. पाया पडते.”

“आवं ताई, नाव इंग्रजी, आत काय हाय कोण बघतंय? आमी आकडा बघतो.” त्यानं यादीवर बोट फिरवलं. “आन् तुमी निस्तं पाच येळा उघडलंय. चार नंबरवरनं एकतीस येळा. म्हणून आलं त्ये यादीत.”

चार नंबर अक्षताचा. माझ्या शेजारची, दिवसभर खिदळणारी, पुढच्या महिन्यात लग्न असलेली. मी यादी ओढून घेतली आणि फाडून टाकली. कृष्णात ओरडत राहिला.

अक्षता फोनवर साड्यांचं बोलत होती. तिनं फोन ठेवल्यावर मी खुर्ची जवळ ओढली.

“अक्षता, मला गाठ हाय.”

तिनं आजूबाजूला बघितलं. टेबलाखाली तिनं माझा हात गच्च धरला.

“माझ्या दोन हायत,” ती म्हणाली. “लगीन मोडंल म्हणून कुणाला सांगितलं न्हाय. लई भ्या वाटतंय गं.”

भीती मलाही वाटत होती. पण मी उठले आणि दोघींच्या पर्सा उचलल्या. लग्न मोडो नाहीतर नोकरी जावो, दवाखाना सहापर्यंत उघडा होता.