जागवणी

"आज गाणं पूर्ण म्हणायचं," क्षिप्रा म्हणाली. "एक ओळ नको."

सतरंजीवर आडवी झालेली पोरं पुन्हा उठून बसली. जयमालाकाकू पडदा ओढता ओढता म्हणाल्या, "आधी डोळे मिटा. मग उंबरळला जायचं."

"मी नाही मिटणार."

खांदेश्वरला एका इमारतीच्या तळमजल्यावरच्या दोन खोल्यांत काकूंचं पाळणाघर होतं. नवरा गेल्यावर त्यांनी ते सुरू केलं, आणि त्यांचा स्वतःचा पार्थही याच सतरंजीवर वाढला. दुपारी पोरं झोपायची नाहीत, म्हणून काकूंनी एक देश रचला: उंबरळ. तिथल्या नद्या डोंगर चढायच्या, घरं कासवांच्या पाठीवर असायची. तिथली राणी शापानं झोपी गेली होती आणि तिला उठवणारं एकच गाणं होतं, जागवणी. पण ते गाणं पाखरांनी वाटून घेतलेलं. एका पाखराकडे एकच ओळ. काकू रोज एक पाखरू शोधायच्या, त्याची ओळ गुणगुणायच्या, आणि दुसरं पाखरू दिसायच्या आत पोरं झोपलेली असायची. जुनी पोरं मोठी होऊन जायची, नवी यायची. राणी झोपलेलीच राहायची. जागवणी पूर्ण करायची वेळ काकूंवर कधी आलीच नव्हती.

क्षिप्राची आई, मनाली, स्कूटर घसरून पडली होती. डोक्याचं ऑपरेशन झालं, तरी ती शुद्धीवर आली नव्हती. घरच्यांनी सहा वर्षांच्या क्षिप्राला सांगितलं, "आई झोपलीय." तेव्हापासून क्षिप्रा दुपारी डोळे मिटेना. दुसरं कुणी झोपलं तरी त्याला हलवून उठवायची.

"जागवणी पूर्ण म्हटली की आई उठेल ना?"

काकूंचा हात पडद्यावरच राहिला. हो म्हणणं सोपं होतं.

"क्षिप्रा, ती माझ्याकडे पूर्ण नाहीये गं. उंबरळ मी मनानंच रचलाय."

"म्हणजे खोटं?"

"रचलेलं."

"खोटंच!" ती भिंतीकडे तोंड करून बसली. संध्याकाळच्या खाऊलाही तिनं हात लावला नाही.

तिला न्यायला तिचा बाबा अभिराम आला, द्रोणागिरीच्या गोदामातल्या कामावरून थेट. सगळं ऐकून तो दारातच टेकला. "काकू, कशाला सांगितलंत? तेवढाच आधार होता तिला."

"आणि गाणं म्हणूनही मनाली नाही उठली तर? आपणच नीट गायलो नाही, असं वाटेल रे पोरीला. ते ओझं तिच्यावर नको."

अभिरामनं हेल्मेट मांडीवर फिरवलं. "डॉक्टर म्हणतात, पेशंटशी बोलत राहा. मी काय बोलणार? लाइटबिल भरलं, सिलिंडर आला, एवढंच सांगतो. मग टेन्शन येतं आणि गप्प बसतो."

दुसऱ्या दिवशी दुपारी काकूंनी सतरंजी घातली आणि सगळ्यांना गोल बसवलं. "आज पाखरं शोधायची नाहीत. ओळी आपणच करायच्या. पण एक लक्षात ठेवा, जागवणी म्हटली म्हणून कुणी झटकन उठत नाही. झोपलेल्या माणसाला एवढंच कळतं, की आपली माणसं जवळ आहेत."

"हेपण खोटं?" क्षिप्रानं भिंतीकडूनच विचारलं.

"नाही. पार्थ लहानपणी तापानं पडला होता. हाक मारली तरी उठायचा नाही. पण मी गुणगुणले, की माझ्याकडे कूस वळवायचा. हे मी डोळ्यांनी पाहिलंय."

पोरांनी ओळी करायला घेतल्या. नदी आली, कासव आलं. छोट्या सुयशनं हट्टानं वडापाव घातला. शेवटी भिंतीकडून क्षिप्राच्याही ओळी आल्या, आणि काकूंनी सगळ्याला चाल लावली. त्यातल्या या काही:

नदीबाई, नदीबाई, डोंगर चढून ये,
कासवदादा, घर जरा दारापाशी ने.
आई, आज माझी वेणी बाबांनी घातली,
वाकडीतिकडी झाली, तशीच मी मिरवली.

काकूंनी ते फोनवर रेकॉर्ड केलं. अभिरामनं आयसीयूत नर्सला विचारून मनालीच्या कानाशी लावलं. ती हलली नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. पण पोरं रोज नवी ओळ जोडत राहिली, आणि अभिरामला बायकोशी बोलायला काहीतरी मिळालं. "आज काय झालं माहितेय?" इथून तो सुरुवात करू लागला. क्षिप्रा अजून झोपत नव्हती, पण खाऊ खायला लागली.

मग एका सकाळी काकू पोरांना दूध देत असताना अभिरामचा फोन आला. त्याला धड बोलता येईना. "काकू, डोळे उघडले तिनं. गाण्यानं की औषधानं, मला नाही माहीत. उघडले."

काकू हातात दुधाचं पातेलं घेऊन तशाच उभ्या राहिल्या. पोरं विचारत होती, काय झालं, काय झालं.

दिवाळी उलटल्यावर मनाली काठी टेकत पाळणाघरात आली. केस नुकते वाढू लागलेले, शब्द जरा अडखळत यायचे. क्षिप्रा पुढे पळाली होती, तेवढ्यात मनालीनं काकूंचा हात धरला.

"काकू, सगळे विचारतात, गाणं ऐकू आलं का. मला काहीच आठवत नाही हो. खोटं कसं सांगू?"

"नकोच सांगू. तू आलीस, बस झालं."

क्षिप्रानं मात्र ऐकलं होतं. ती मागे फिरून आईपाशी आली. मग म्हणाली, "मग आता ऐक. बस इथं."

मनाली भिंतीला टेकून सतरंजीवर बसली. पोरांनी जागवणी सुरू केली. ओळी आता इतक्या झाल्या होत्या, की कुणालाच सगळ्या आठवत नव्हत्या. एकानं सोडली की दुसरा धरायचा. वडापावाच्या ओळीला मनाली हसली, वेणीच्या ओळीला तिनं डोळे पुसले. मग हळूहळू तिची मान कलली. रिक्षाचा प्रवास आणि दारातल्या दोन पायऱ्या एवढ्यानंच ती थकली होती.

गाणं थांबलं. पोरं तिच्या मिटलेल्या डोळ्यांकडे बघू लागली. सुयश उठला आणि तिला हलवायला त्यानं हात पुढे केला.

क्षिप्रानं त्याचा हात धरला.

"राहू दे," ती हळूच म्हणाली. "दमलीय ती."

मग आईच्या पायाशी आडवी होऊन तिनं ओढणीचं टोक मुठीत घेतलं, आणि डोळे मिटले.