भिंतीवरचे बाबा

मित्रांनो, सिनेमात नायकाच्या घरी स्वर्गवासी वडिलांचा फोटो टांगलेला असतो ना? तीच मी, एक जुनी तसबीर. खोटं कशाला बोलू, एके काळी मला त्याचा भारी तोरा होता.

माझ्यातला माणूस तेव्हा चांगला ठणठणीत होता. लहानसहान कामं करणारा नट तो. गर्दीत उभं राहायचं, नायकाला दार उघडून द्यायचं, बस्स. एके दिवशी सेटवर वडिलांचा फोटो आणायलाच सगळे विसरले. दिग्दर्शक डाफरला, "अरे, कुणाचा तरी काढा! तो बघा, किती मायाळू दिसतोय." नटाला वाटलं, आपलं नशीब उघडलं. त्याने घाईघाईने भांग पाडला, कुणाचा तरी कोट उसना घेतला आणि कॅमेऱ्याकडे बघून हसला. अशी मी जन्माला आले.

पहिल्याच सिनेमात नायक माझ्यापुढे धाय मोकलून रडला. सिनेमा बघताना नटाच्या चिमुरडीनेही भोकाड पसरलं, "माझे बाबा मेले!" बाबा शेजारच्याच खुर्चीत! त्याने तिला उचलून छातीशी धरलं. "अगं वेडाबाई, मी आहे ना!" स्टुडिओचं सामानघर सांभाळणाऱ्या काकांना हे सांगताना तो पोट धरून हसत होता.

मग काय, माझी चलती सुरू झाली. नायक बदलले, भिंती बदलल्या, मेलेले वडील मात्र मीच. फोटो असताना माणसाला कोण बोलावतं? नट सामानघरात येऊन काकांजवळ बसून राहायचा.

अखेर त्याला एक खरी भूमिका मिळाली. हेडमास्तरांची, चांगली दोन पानं संवाद! तो माझ्यासमोर उभा राहून पाठ करायचा आणि काका कागद धरून चुका काढायचे. आवाज काय होता म्हणून सांगू! भरदार, तरीही मऊ. चित्रीकरणाच्या दिवशी तो तोंडाला रंग लावून तयार झाला, तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, "अहो, हे तर भिंतीवरचे बाबा! हे बोलायला लागले तर लोक हसतील." झालं. भूमिका दुसऱ्याला गेली.

त्याच सिनेमासाठी मला मात्र बोलावणं आलं. नटाने स्वतः माझी काच पुसली. "जा बाई," तो म्हणाला, "तू तरी जा." मला माझीच लाज वाटली. ज्याच्या चेहऱ्यावर मी मिरवले, त्याच्याच पोटावर पाय दिला होता मी.

पुढे तो यायचा बंद झाला. माझी काच तडकली. मला तोंड भिंतीकडे करून मोडक्या खुर्च्यांमागे ठेवलं, आणि कितीतरी वर्षं कुणी माझी विचारपूस केली नाही.

मग एकदा त्याची लेक आली. तिचेही केस पिकायला लागले होते.

"काका, बाबा गेले," ती म्हणाली. "घरात त्यांचा एक धड फोटो नाही हो. आमचे सगळ्यांचे तेच काढायचे. आणि सगळे सिनेमे पुन्हा पाहिले मी, त्यांचा आवाज कुठ्ठेच नाही."

"थांब, बाळा," एवढंच म्हणून काकांनी मला शोधून काढलं आणि शर्टाच्या बाहीने पुसलं. ती रडू लागली. माझ्यापुढे रडणारे मी खूप पाहिलेत. 'कट' म्हटलं की डोळे पुसून चहा पितात. मी 'कट'ची वाट बघत राहिले. कुणीच म्हणालं नाही. तिने काचेवर तळवा ठेवला. "बाबा, म्हणा ना, मी आहे ना!"

आता मी तिच्या घरी असते, जेवणाच्या टेबलासमोर. मित्रांनो, माझी काच पुसली नाहीत तरी चालेल. पण सगळ्यांचे फोटो काढणारं एक माणूस तुमच्याही घरात असेल. त्याच्या हातातला कॅमेरा आजच घ्या. त्याला बोलतं करा आणि मन लावून ऐका. आमच्याकडे लेक अजून जेवता जेवता मध्येच थांबते आणि माझ्याकडे बघत राहते. हेडमास्तरांचे ते संवाद मला अजून तोंडपाठ आहेत, त्याच्याच आवाजात. पण मला नुसतं हसता येतं.