भरतीचं पाणी उसाला

मित्रांनो, मी एक जुना दगडी खांब आहे आणि सध्या माझं डोकं भयंकर तापलेलं आहे. गोड गोष्ट ऐकायची असेल तर दुसऱ्या कुणाकडे जा.

देवळाली प्रवरेच्या पुढे, उसाच्या रानात, आमची खाऱ्याची वाडी आहे. तिथल्या पायऱ्यांच्या बारवेत मी उभा आहे. समुद्र कुठल्या कुठे, घाटापलीकडे. पण अवसेला आणि पुनवेला आमच्या बारवेला भरती येते. हे पाणी घाटापेक्षा जुनं आहे. ते कुठून येतं, हे मलाही आजवर कळलेलं नाही. मात्र ते आपल्यासोबत काळ घेऊन येतं. भरतीत हात घातला की हात म्हातारा होतो. ओहोटी लागल्यावर तोच हात पाण्यात धरून बसलं की उतरतं पाणी सगळी वर्षं परत घेऊन जातं. त्यासाठी पाणी मात्र आपल्या पायानं उतरू द्यावं लागतं.

जुन्या पाथरवटांनी मला काळ्या दगडातून घडवलं आणि पाणी किती चढलं ते कळावं म्हणून अंगावर खाचा पाडल्या. पाणी पहिल्या खाचेला लागलं की बायका माझ्या डोक्यावर घागर पालथी घालत. पालथी घागर दिसली की बारवेकडे कुणी फिरकत नसे. ओहोटी संपली की घागर उतरवून मला तेल लावत. काय मान होता माझा!

मग बारवेलगतच्या उसाचा मालक सूर्यभान, त्यानं बारवेत मोटर सोडली. एका पुनवेला भरतीचं पाणी चुकून त्याच्या उसाला गेलं आणि गुडघ्याएवढ्या उसाला दिवसभरात तुरे आले. झालं! पठ्ठ्याच्या अंगात वारं शिरलं. घागर भंगारात गेली आणि माझ्या गळ्यात मोटरची वायर आली. शेतीच्या लाईटचा काही नेम नाही, म्हणून मोटर कायम ऑटोवर. लाईट आली की ती आपली आपण सुरू होते. स्टार्टर चोरीला जातात, म्हणून तो लांब बांधावर, पत्र्याच्या पेटीत कुलूपबंद.

त्याच्या आईनं, गोजरबाईनं, त्याला बजावलं होतं. "सूर्यभाना, त्ये पानी आपलं न्हाई. त्येचं त्येला माघारी जाऊ दे."

"आई, फॅक्टरीची ऊसतोडीची टोळी रानात उभी हाय, आन तू भरती-ओहोटी काय सांगती?"

ऐकेल तर शपथ! मी तर दगड. मला कोण विचारतो?

मागल्या महिन्यातल्या पुनवेला त्याची मुलगी संस्कृती रानात खेळत होती. पहिलीतली पोर, पुढचे दोन दात नुकतेच पडलेले. पाईपाच्या तोंडाशी ती मनसोक्त भिजली. थोड्या वेळानं लाईट गेली, मोटर थांबली, आणि उसातून एक पोक्त बाई रडत बाहेर आली. कानाजवळचे केस पांढरे, तोंडात सगळे दात. "आये, माझं हात असं का झालं?" असं ती विचारत होती.

तिच्या आईनं, छबूबाईनं, असा हंबरडा फोडला की माझे खाचखळगे हादरले. पण गोजरबाई डगमगली नाही. तिनं नातीला आपलं लुगडं गुंडाळलं आणि ओढतच बारवेवर आणलं. ओहोटी नुकती लागली होती. पोरीला गळ्याएवढ्या पाण्यात बसवलं. आई एका बाजूला, बाप दुसऱ्या बाजूला.

"हलू नको गं माझे बाय," गोजरबाई म्हणाली. "पानी घिऊन जाईल समदं."

आणि जात होतं की! पाणी एका खाचेनं उतरलं आणि पांढरे केस काळे झाले. छबूबाई हसली, मीही मनातून हसलो.

तेवढ्यात लाईट आली.

माझ्या गळ्यातली वायर थरथरली. "मोटर!" सूर्यभान किंचाळला आणि किल्ली घेऊन बांधाकडे धावत सुटला. धाव की धाव! पण मोटर कुणासाठी थांबते? मी कितीदा ओरडलो असेन, बंद कर, बंद कर! दगडाचं ओरडणं कुणाला ऐकू येतं? त्यानं पेटी उघडून स्टार्टर बंद केला तेव्हा बारवेत नुसता गाळ होता. उरलेलं पाणी उसात जिरलं, तो ऊस फॅक्टरीत गेला. पोरीची वर्षं तशीच तिच्या अंगावर राहिली. पुढच्या पुनवेला तिला पुन्हा बसवून पाहिलं. नवं पाणी जुनी वर्षं नेत नाही. आता मोटर काढली आहे. आता काढून काय उपयोग?

संस्कृती आज तिच्या आईहून थोराड दिसते. रात्री तिला अजून आईच्या कुशीत झोप लागते. सोमवारी ती पाटी घेऊन पहिलीच्या वर्गात गेली, तर पोरं फिदीफिदी हसली. मित्रांनो, ती पोरं तुम्हीच होता. मला सगळं कळतं. चूक मोठ्यांनी केली म्हणून मी त्यांच्यावर चिडलो आहे, पण तुमच्यावर जास्त चिडलो आहे. तिच्यापाशी आता तुमच्याशिवाय आहे कोण? तेल-कुंकू मला नको, ते राहू द्या. उद्या मधल्या सुट्टीत ती लगोरी घेऊन तुमच्याकडे येईल. तिला खेळायला घ्या, तिच्यावर राज्य आलं तर येऊ द्या. आणि तिला कुणी 'मावशी' म्हणालात, तर याद राखा!