वाटाण्याएवढा ग्रह

हे लिहायचंच नाही, असं डेस्विननं ठरवलं होतं. दोनदा टाइप केलं, दोनदा खोडलं. पण तोंडातली घाण चव जाईना, मग लिहायला बसला.

दक्षिण आफ्रिकेतल्या सदरलंड गावच्या एका लॉजवर तो पाहुण्यांना ताऱ्यांची माहिती सांगायचा. सगळं आपलं आपण शिकलेला, मित्र ग्रँटलीसोबत, लायब्ररीतल्या एकुलत्या एका कॉम्प्युटरवर. दूरच्या ताऱ्याभोवतीचा ग्रह समोरून गेला की ताऱ्याचा उजेड कणभर कमी होतो. बहुतेक वेळा हाती लागतं ते एवढंच. डेस्विन ते बल्ब आणि दोऱ्याला बांधलेला वाटाणा घेऊन दाखवायचा.

मालकाला वाटाणा नको होता. "केपटाउनवरून चार तास गाडी हाणत लोक वाटाणा बघायला येतात होय रे?" त्यानं भिंतीवर अशाच एका ग्रहाचं हे मोठं चित्र लावलं. निळा समुद्र, हिरवं गवत. "हे सांग. नाहीतर मी दुसरा बघतो."

खरं तर तो ग्रह ताऱ्याला इतका चिकटलेला, की तिथं दगडही वितळत असेल. तरी शनिवारी दुपारी डेस्विननं समुद्र सांगितला, गवत सांगितलं. दारात लॉजची स्वयंपाकीण उभी होती, ग्रँटलीची आई, कत्रीन आँटी. दुष्काळात तिच्या सगळ्या मेंढ्या गेलेल्या.

"तू स्वतः बघितलंस, पोरा? गवत चांगलंय का?"

मालक बघत होता.

"बघितलं, आँटी. गुडघ्याएवढं आहे."

सोमवारी तो ग्रँटलीकडं गेला. ग्रँटली घरामागं टबात लॉजवरून आणलेली मेंढीची आतडी खरवडत बसलेला. माशा घोंगावत होत्या.

"या, गवतवाले साहेब!"

"गप रे."

"काल आई चर्चमध्ये उभी राहिली. म्हणाली, आमच्या डेस्विननं डोळ्यांनी बघितलंय, वर गवत आहे. देवाचे आभार मानले तिनं. सगळे आमेन म्हणाले. मीपण म्हणालो, तिचं तोंड बघून."

टबातला वास डेस्विनच्या ओळखीचा, ती आतडी खाऊनच मोठा झालेला. किळस आली ती स्वतःच्या जिभेची. कुंपणाला धरून तो भडाभडा ओकला.

"काय खाल्लं होतंस?"

"काही नाही. नोकरी जाईल रे माझी."

"जाईल. पण आईनं कालपासून तीनदा विचारलंय, अजून काय बघितलं त्यानं? मी काय सांगू तिला?"

डेस्विननं बाहीनं तोंड पुसलं. "काही सांगू नको. संध्याकाळी बल्ब आणि वाटाणा घेऊन मी येतो."

"वाटाणे जास्त आण. आई उरलेले शिजवेल."

"ऐक ना. तिच्यासमोर बसून सांगतो, मी काही बघितलं नाही. आणि रविवारी चर्चमध्ये मीच उभा राहतो. शप्पथ, ग्रँटली."